पाऊस लागला की काळखांब काय करतो?

गोंदिया जिल्ह्यात कॉलेजात शिकणाऱ्या एका मुलीचा प्रश्न आहे. ती मराठीत एक अद्भुत कादंबरी लिहिते आहे. तिची ‘मोहखंड’ नावाची कल्पित संस्कृती आपल्या झाडीपट्टीसारख्याच, म्हणजे पूर्व विदर्भाच्या जंगलपट्ट्यासारख्या मुलखात वसलेली आहे. आकाश आपलंच, सूर्य एक, चंद्र एक. राजधानीच्या मधोमध शंभर हात उंच ‘काळखांब’ उभा आहे आणि त्याच्या उत्तरेला महिन्यांच्या शिळा मांडल्या आहेत. सावलीवरून पुजारी वेळ सांगतात. वर्षातून एकदाच, वसंतात, खांबाच्या छिद्रातून आलेला किरण गाभाऱ्यातल्या मण्यावर पडतो आणि नवं वर्ष लागतं. हे खरोखर चालेल का, कुठे खोटं वाटेल, पावसात आणि रात्री हे लोक काय करतील, आणि नागपूरजवळच्या जुनापाणीच्या शिळावर्तुळांचा आधार घेतला तर चालेल का, असं तिनं विचारलं आहे.

माझी नोकरी जमीन मोजण्यात गेली. आता वर्धा जिल्ह्यातल्या शाळांच्या अंगणात सूर्यघड्याळं बसवून देतो. त्या कामाच्या आधारानं लिहितो.

तुझी कल्पना चालेल, बाळ. फक्त सध्या तुझ्या खांबाला सगळं अनुकूल आहे. तिथे ढग येत नाहीत, जमीन हलत नाही, पुजारी कधी आपसात भांडत नाहीत. खांबाला जे दिसत नाही, जे त्याच्याकडून सुटतं, तिथे तुझी संस्कृती उभी कर. तुला सण, देवता, भांडणं, सगळं तिथेच सापडेल.

आधी अक्षांश ठरव. कादंबरीत लिहायची गरज नाही, तुझ्या वहीत लिहून ठेव. तुझ्याच जिल्ह्याचा घेऊ, साडेएकवीस अंश उत्तर. सूर्य उत्तरेला साडेतेवीस अंशांपर्यंत जातो, म्हणजे आपल्या माथ्यावरून पुढे जाऊन परत येतो. चंद्रपूरला २० मेच्या आसपास, नागपूरला २६ मेच्या आणि गोंदियाला २८ मेच्या आसपास भर दुपारी तो बरोबर डोक्यावर असतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते. परतीच्या वाटेवर तेच पुन्हा घडतं, गोंदियाला १५ जुलैच्या सुमारास आणि चंद्रपूरला २३ जुलैच्या. या दोन दिवसांच्या मधे गोंदियाला सुमारे ४८ दिवस दुपारची सावली दक्षिणेला पडते. तुझ्या सगळ्या शिळा उत्तरेला आहेत, तेव्हा एवढ्या दिवसांचं दुपारचं काम त्यांच्याकडून होणार नाही. दक्षिणेलाही एक शिळा हवी, अगदी पायथ्याशी, कारण २१ जूनलासुद्धा दक्षिणेची सावली फार लांब जात नाही. ही दक्षिणेची शिळा तू पवित्र कर. कर्कवृत्ताच्या उत्तरेला राहणाऱ्यांना सूर्य कधीच माथ्यावर दिसत नाही, म्हणून दिल्ली-जयपूरकडचा प्रवासी मोहखंडात आला तर ही शिळा पाहून तो चक्रावून जाईल.

आता डिसेंबराचं टोक बघ. २१-२२ डिसेंबरला आपल्याकडे दुपारी सूर्य क्षितिजापासून जेमतेम ४५ अंश वर येतो. ४५ अंशांवर सावली काठीएवढीच असते. चंद्रपूरला ती थोडी आखूड भरते, पण गोंदियाच्या अक्षांशावर शंभर हाताच्या खांबाची त्या दुपारची सावली जवळपास शंभर हातच. वर्षातल्या सगळ्यात लहान दिवशी देव उभा आहे तेवढाच जमिनीवर आडवा होतो, असं तुझ्या लोकांना वाटलं तर त्यात काही ओढूनताणून आणलेलं नाही. उत्तरेकडची शेवटची शिळा खांबाच्या उंचीएवढ्याच अंतरावर ठेव आणि ते अंतर मोजणं हाच त्या दिवसाचा विधी कर. हा योग तुझ्या मुलखाचाच आहे. तो वाया घालवू नकोस.

मण्यावर पडणाऱ्या किरणाचं मात्र बदलावं लागेल. सूर्य आकाशात ज्या उंचीवरून वर जाताना जातो, त्याच उंचीवरून परत येतो, म्हणून कोणत्याही छिद्रातला किरण एकाच जागी वर्षातून दोनदा पडतो. कोल्हापूरच्या अंबाबाईचा किरणोत्सव बघ. ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारी, आणि पुन्हा ९, १०, ११ नोव्हेंबर. डिसेंबरातल्या अयनदिनापासून, म्हणजे सूर्य जिथून परत वळतो त्या दिवसापासून, दोन्ही तारखा सारख्याच अंतरावर आहेत. ‘वर्षातून एकदाच’ खरं ठरतं ते फक्त अयनदिनाला, आणि तिथे दुसरी अडचण आहे. अयनाजवळ सूर्य जागचा हलेनासा होतो, आठवडाभर किरण जवळपास त्याच ठिकाणी पडत राहतो. नेमका दिवस कोणता, हे किरण पाहून सांगताच येत नाही. ते सांगायची रीत अशी की अयनाच्या बरंच आधी एका खुणेवर सावली आली तो दिवस टिपायचा, परतताना त्याच खुणेवर आली तो दिवस टिपायचा आणि मधले दिवस निम्मे करायचे. म्हणजे अयनदिन होऊन गेल्यावरच तो कधी झाला ते कळतं. नवं वर्ष लागून गेल्यावर जाहीर होतं, अशा राज्यात मधले दिवस कोणाचे? त्या दिवसांत कर्ज फेडायचं नाही, लग्न लावायचं नाही, नांगर धरायचा नाही, असे कितीतरी नियम तुला घालता येतील.

तुला वसंतच हवा असेल तर २०-२१ मार्चचा विषुवदिन, म्हणजे दिवस-रात्र सारखी असण्याचा दिवस, घे. तेव्हा सूर्य दिवसाला सुमारे ०.४ अंश सरकतो, त्यामुळे एकेक दिवस वेगळा ओळखू येतो. पण मग तोच किरण २२-२३ सप्टेंबरलाही येईल. आपल्याकडे पितृपक्ष बहुधा त्याच्याच मागेपुढे असतो आणि पाऊस पुरता गेलेला नसतो. वसंतातला किरण जिवंतांचा आणि शरदातला पितरांचा, आणि पितरांचा किरण कित्येक वर्षी ढगांमुळे येतच नाही, हे तुझ्या मूळ कल्पनेपेक्षा मला जास्त आवडलं असतं.

शंभर हातांच्या उंचीबद्दल. उंच खांबाची सावली नेमकी असेल असं वाटतं, पण सूर्य ठिपका नाही, त्याचं बिंब अर्ध्या अंशाचं आहे, त्यामुळे सावलीची कड विरघळलेली असते आणि अंतर वाढेल तशी ती आणखी पसरते. शंभर हाताच्या खांबाच्या टोकाची सावली विषुवदिनी दुपारी हातभर रुंदीत धूसर असेल आणि एका दिवसात ती सरकेल पाऊण हात. कालची सावली आणि आजची सावली एकमेकींत मिसळलेल्या. दहा हाताच्या खांबालाही हेच प्रमाण लागू आहे, उंचीनं यात काही सुटत नाही. जयपूरचं सम्राट यंत्र हे दगडी सूर्यघड्याळ सुमारे २७ मीटर उंच आहे आणि त्यावर दोन सेकंदांपर्यंत वेळ वाचतात, तरी तिथेही धूसर कडेतून नेमकी जागा ठरवायला सरावलेला डोळा लागतो.

यावरचा जुना उपाय म्हणजे टोकाऐवजी छिद्र. छिद्रातून सूर्याचं बिंबच जमिनीवर उतरतं, गोल आणि बऱ्यापैकी स्पष्ट, आणि त्याचा मध्य काढता येतो. इटलीत बोलोन्याच्या सान पेत्रोनिओ चर्चमध्ये खगोलशास्त्रज्ञ कॅसिनीनं १६५५ साली असंच केलं. सुमारे २७ मीटर उंचीवर छताला छिद्र, त्याचा व्यास उंचीच्या हजाराव्या भागाएवढा, आणि फरशीवर सुमारे ६७ मीटर लांब मध्यान्हरेषा. चीनमध्ये त्याच्याही कितीतरी आधी, तेराव्या शतकात, खगोलशास्त्रज्ञ गुओ शौजिंगनं उंच शंकूच्या, म्हणजे सावलीच्या खांबाच्या, आडव्या दांड्याची सावली लहान छिद्राच्या पट्टीतून पाहून नेमकी केली होती.

तुझ्यासाठी मी वीस हात उंचीचं तोरण सुचवीन. पूर्वेला एक खांब, पश्चिमेला एक खांब, वर आडवी शिळा, तिच्या मधोमध तांब्याचा पत्रा आणि त्यात करंगळीच्या नखाएवढं छिद्र. एकाच जाड खांबात छिद्र ठेवलंस तर जूनमध्ये बिंब पायथ्यापाशी येईल आणि खांबाच्या अंगातच अडेल. तोरणात दुपारी सूर्य दोन खांबांच्या मधल्या पातळीत असतो, त्यामुळे काही आड येत नाही. छिद्राच्या बरोबर खाली ओळंबा सोडून जो बिंदू मिळतो तिथून उत्तरेला वीस हातांवर डिसेंबरची खूण, जवळपास आठ हातांवर विषुवाची खूण, आणि दक्षिणेला पाऊण हाताच्या आत जूनची खूण. बिंदूवरच बिंब आलं की शून्य सावलीचा दिवस. हे आकडे तू जसेच्या तसे वापर, साडेएकवीस अंशांसाठी ते बरोबर आहेत.

तासांचं थोडक्यात सांगतो. उभ्या खांबाच्या सावलीवरून मध्यान्ह नेमका कळतो, बाकीचा वेळ ऋतूप्रमाणे इकडेतिकडे होतो. सगळ्या ऋतूंत एकच रेषा चालायला हवी तर कड तिरपी करून ध्रुवाकडे रोखावी लागते आणि तिचा तिरपेपणा अक्षांशाएवढा, म्हणजे साडेएकवीस अंश ठेवावा लागतो. शाळेत घड्याळ बसवताना मी सगळ्यात जास्त वेळ या कोनावरच घालवतो. विलायती पुस्तकातली आकृती उचलून पन्नास अंशांची कड लावलेली घड्याळं मी पाहिली आहेत, ती दिसायला देखणी असतात आणि वेळ चुकीची सांगतात. पण तुझ्या लोकांना समान तासांची गरजच काय? दिवसाचे चार प्रहर करू देत. आपल्याकडे सगळ्यात मोठा दिवस सुमारे १३ तास २५ मिनिटांचा, लहान पावणेअकरा तासांच्या आसपास. म्हणजे जूनचा प्रहर ३ तास २० मिनिटांचा आणि डिसेंबरचा २ तास ४० मिनिटांचा. वावरात राबणाऱ्या माणसाला हाच हिशोब सोयीचा.

जमिनीबद्दल तू काहीच लिहिलेलं नाहीस, आणि मला सगळ्यात जास्त तेच बोलायचं आहे. खांब कशावर उभा आहे? पश्चिम विदर्भाची काळी कसदार माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात आकसून तिला हातभर खोल, कधी त्याहूनही खोल भेगा पडतात. तिच्यावर बांधलेल्या घरांच्या भिंती तडकलेल्या आपण सगळे पाहतो. धुऱ्यावर रोवलेला मोजणीचा दगडसुद्धा काही वर्षांत कलतो. काळखांब अशा मातीत उत्तरेला किंवा दक्षिणेला एक अंशानं कलला तर विषुवदिनाची खूण दोन दिवसांहून थोडी जास्तच चुकेल, आणि चूक कोणाच्या लक्षातही येणार नाही, कारण खांब आणि खुणा दोन्ही पवित्र, त्यांना हात कोण लावणार? तुझी झाडीपट्टी या बाबतीत बरी. तिथे खाली जुना कठीण खडक आहे, ठिकठिकाणी तो उघडा पडलेला आहे. मोहखंडाच्या पहिल्या पाथरवटांनी धानाची बांधी सोडून खडकाचं टेपाड शोधलं असेल. राजधानी खांबाभोवती वसली असेल तर ती सपाट, सुपीक जमिनीवर नसणार, उघड्या खडकावर असणार आणि पाणी खालून वाहून आणावं लागत असणार. नगराचा सगळा नकाशा एवढ्या एका गोष्टीनं बदलतो.

एखाद्या नव्या राजानं मोठेपणासाठी दुसरा, दुप्पट उंच खांब खाली काळ्या मातीच्या पट्ट्यात उभारला आणि तीन पिढ्यांनी दोन खांबांच्या वर्षारंभात फरक पडू लागला, असं तू दाखवू शकतेस. जाणत्या पुजाऱ्याकडे यावर तोड आहे. कललेल्या खांबाची खूण चुकते, पण सावली कोणत्या दिवशी वळली हे चुकत नाही, कारण वर सांगितलेल्या निम्म्या करायच्या रीतीत दोन्ही बाजूंची चूक सारखीच असते. ज्या घराण्याला ही रीत ठाऊक आहे ते खुणांवर विसंबणाऱ्यांना हरवेल.

दिशा कशी काढली हेही एका प्रसंगात दाखव, ते दृश्य म्हणून सुंदर आहे. सपाट केलेल्या जमिनीवर मधोमध काठी रोवायची, दोरीनं तिच्याभोवती वर्तुळ आखायचं. सकाळी सावलीचं टोक वर्तुळात शिरतं तिथे खुंटी, दुपारनंतर ते बाहेर पडतं तिथे दुसरी खुंटी. दोन खुंट्या जोडल्या की पूर्व-पश्चिम. शुल्बसूत्रांत ही रीत आहे आणि आजही कोणतंही यंत्र न वापरता मी शाळेतल्या पोरांकडून ती करवून घेतो. ओळंबा, दोरी, खुंट्या आणि चुन्याची फक्की एवढंच सामान लागतं. जमीन खरोखर सपाट आहे की नाही हे पाहायला पाणी ओतायचं, ते चारी बाजूंना सारखं पसरलं की झालं.

आता पाऊस. मृग लागला, पहिला पाऊस झाला की पुढचे चार महिने आपलं आकाश झाकलेलं. २१ जूनचा अयनदिन आणि जुलैतला दुसरा शून्य सावलीचा दिवस दोन्ही बहुतेक वेळा ढगाआड जातात. तुझ्या संस्कृतीचा सगळ्यात मोठा दिवस कोणी क्वचितच पाहिलेला असेल. दिवसांची मोजणी बुडत नाही, उजाडतं तेव्हा एक गोटा टाकला की पुरे. बुडतात त्या दिवसातल्या वेळा, आणि रोवणी, तलावाचं पाणी घ्यायच्या पाळ्या, पहारे, सगळं वेळेवर चालतं. तिथे पाण्याचं घड्याळ आणावं लागतं.

घटिकापात्र आपल्या लग्नांमुळे अजून लोकांच्या ओळखीचं आहे. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. दिवसरात्रीच्या ६० घटका. जुन्या ग्रंथांत वाटीची मापं, तांब्याचं वजन, भोक पाडायच्या सोन्याच्या सुईची लांबीसुद्धा दिलेली आहे. भास्कराचार्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’च्या यंत्राध्यायात (११५०) ही कटकटच काढून टाकली. वाटी कशीही कर, अहोरात्रात ती किती वेळा बुडते ते मोज आणि त्यावरून तिची घटका काढ. व्यवहारात राबलेल्या माणसाचा हा सल्ला आहे. प्रत्येक वाटी सूर्यावर तपासून घ्यायची, एका मध्यान्हापासून दुसऱ्या मध्यान्हापर्यंत.

वाटीला तिचे आजार आहेत आणि ते तुझ्या उपयोगाचे आहेत. थंड पाणी घट्टपणे वाहतं. १० अंश तापमानाच्या पाण्याचा चिकटपणा ४० अंशांच्या पाण्याच्या दुप्पट असतो, त्यामुळे बारीक भोकाची वाटी मे महिन्यात तपासली आणि हिवाळ्यात वापरली तर ती उशिरा बुडेल, घटका लांबेल. पाण्यात गाळ असला तर भोक तुंबतं. अकोला-अमरावतीकडच्या खारपाणपट्ट्यातलं पाणी असेल तर क्षार साचून भोक हळूहळू बारीक होत जाईल आणि वर्षभरात घटका कशी वाढली ते कोणाला उमगणारही नाही. म्हणून घटकेचं पाणी वेगळं राखावं लागेल. पहिल्या पावसाचं, गाळून, झाकलेल्या दगडी टाक्यात साठवलेलं. हे पाणी पिणं हे मोहखंडातलं महापाप असू दे, आणि मग एका दुष्काळात कोणीतरी ते आपल्या लेकराला पाजू दे. त्या प्रसंगासाठी मी तुझी कादंबरी वाचीन.

खांब राखणारे आणि वाटी राखणारे हे दोन वेगळे समाज कर. खांबवाले टेपाडावरचे. वाटीवाले तलावाकाठचे, पाण्याची जाण असलेले. भंडारा-गोंदिया-चंद्रपूरकडचे मालगुजारी तलाव आणि बोड्या, म्हणजे लहान तळी, ज्यांनी बांधल्या त्या कोहळी समाजाकडे पाण्याची जी पिढीजात विद्या होती ती तू नवेगावबांध तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, उभी राहून अजून पाहू शकतेस. कोरड्या आठ महिन्यांत पहिल्यांचं राज्य, ओल्या चार महिन्यांत दुसऱ्यांचं. मेच्या शेवटी, सावली नाहीशी होते त्या दुपारी, खांबवाले वेळ सांगायच्या घंटेचा दांडका वाटीवाल्यांच्या हाती देतात. ऑक्टोबरात आकाश उघडल्यावर तो परत घेतात, आणि तेव्हा पहिल्याच स्वच्छ मध्यान्हाला चार महिन्यांचा हिशोब उन्हात तपासला जातो. रात्रीचा जागता पहारा, पाळ्या, डुलकी लागून हुकलेली घटका, ती लपवण्याचा मोह, हे सगळं वाटीवाल्यांच्या वाट्याला येतं. त्यांना मोबदला धान्यात मिळत असेल, बलुत्यासारखा, आणि सुगीत तो देताना गावं खळखळ करत असतील. ज्याच्या शब्दावर पेरणी ठरते त्याचं वजन किती असतं हे पाहायचं असेल तर अक्षय तृतीयेला बुलडाणा जिल्ह्यातल्या भेंडवळला घटमांडणी होते, तिचं पीकपाण्याचं भाकीत ऐकायला दुसऱ्या दिवशी पहाटे लोक कसे जमतात ते बघून ये.

याहूनही खोल भांडण आकाशातच आहे आणि ते सावकाश पिकणारं आहे. आपला शेतकरी सूर्याच्या नक्षत्रांवर चालतो, २५ मेच्या आसपास रोहिणी, ७-८ जूनला मृग, मग आर्द्रा. ही गणना ताऱ्यांच्या आधारे आहे. खांबाची गणना सावलीच्या आधारे. दोन्ही वर्षं सारखी वाटतात, पण पृथ्वीचा अक्ष सावकाश गिरक्या घेतो म्हणून ताऱ्यांचं वर्ष किंचित मोठं भरतं आणि सुमारे ७२ वर्षांत एक दिवसाचा फरक पडतो. साडेनऊशे वर्षांत हा फरक एका नक्षत्राएवढा होतो. मकरसंक्रांत हा आपल्या घरातला पुरावा आहे. सूर्य उत्तरेला वळतो २१-२२ डिसेंबरला आणि आपण तिळगूळ वाटतो १४-१५ जानेवारीला.

आज अमरावती-नागपूरकडे रोहिणी लागते त्याच सुमारास शून्य सावलीचा दिवस येतो. समज, तुझ्या मोहखंडातही काळखांब उभारला तेव्हा हे दोन्ही एकाच दिवशी घडत होतं, आणि ‘रोहिणी आली, सावली गेली’ असा मंत्रच झाला. हजार वर्षांनी रोहिणी येते तेव्हा सावली जाऊन दोन आठवडे झालेले असतात. मंत्र म्हणणारे म्हणतात, खांब बाटला. खांबवाले म्हणतात, तारे भरकटले. पाऊस बहुतांशी सूर्याच्याच मागे येतो, त्यामुळे ताऱ्यांवर विसंबून पेरणाऱ्या गावांची पेरणी दर पिढीला थोडी थोडी उशिरा होत जाते. एकाच माणसाच्या आयुष्यात फरक एका दिवसाचा, कोणाला पटवून देणार? सात-आठ पिढ्यांच्या नोंदी ठेवणारी एखादी वाटीवाली बाई, जिच्याकडे गोट्यांच्या राशी आहेत, तिलाच हे दिसू शकतं. मी तुझ्या जागी असतो तर कादंबरीचा कणा हाच ठेवला असता.

रात्रीचं फार अवघड नाही. तारे रोज चार मिनिटं आधी उगवतात, म्हणजे महिन्याला दोन तास, हे धरून मृगाच्या तीन ताऱ्यांच्या बाणावरून किंवा सप्तर्षींच्या फिरण्यावरून रात्र मोजता येते. ध्रुव तुझ्या मुलखात क्षितिजापासून साडेएकवीस अंशांवरच दिसेल, त्याला डोक्यावर चढवू नकोस. चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांत संपतात आणि सूर्यापेक्षा अकरा दिवस मागे पडतात, म्हणून तिसऱ्या वर्षाच्या आत अधिक महिना धरावा लागेल. तो कधी धरायचा हे खांबवाल्यांनी सांगावं.

क्षितिजावरून वर्ष मोजायची कल्पना मनात आली तर पेरूमधलं चांकिलो पाहा, सुमारे २३०० वर्षांपूर्वीचं. टेकडीच्या कण्यावर तेरा बुरूज आहेत आणि सूर्य त्यांच्यामधून उगवत-मावळत वर्षभर एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जातो. २०२१ साली त्याला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. आपल्या अक्षांशावर उगवतीची जागा पूर्वेपासून दोन्ही बाजूंना सुमारे २५ अंश सरकते, तेवढी मोकळी कड पूर्वेला हवी.

जुनापाणीबद्दल सांभाळून लिही. तिथे सुमारे तीनशे शिळावर्तुळं आहेत, रिव्हेट-कार्नॅक या इंग्रज अधिकाऱ्यानं १८७९ साली त्यांच्याबद्दल लिहिलं. ती लोहयुगातली दफनं आहेत. माहुरझरी, टाकळघाट-खापा, नायकुंड इथे डॉ. शां. भा. देव यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या उत्खननांतून लोखंडाची हत्यारं, घोड्यांचे साज आणि नायकुंडला लोखंड गाळायची भट्टी मिळाली. जुनापाणीच्या काही दगडांवर वाटीसारखे खोलगट खड्डे कोरलेले आहेत आणि त्यांच्या दिशांमध्ये काही अभ्यासकांनी आकाशाचा अर्थ शोधला आहे, पण ते पंचांग होतं असं म्हणण्याइतका पुरावा नाही. तुझ्या कादंबरीत मोहखंडाच्या लोकांना अशी वर्तुळं आपल्याहून जुन्या लोकांची सापडू देत. ती कशासाठी होती हे त्यांनाही ठाऊक नाही, तरी खांबवाले ती आपल्या पूर्वजांची म्हणून सांगतात, एवढं पुरे.

स्वतः जाणार असशील तर डिसेंबरात जा, गवत वाळलेलं असतं आणि दगड दिसतात. कुठलाही दगड हलवायचा नाही. दिशा मोजायला होकायंत्रावर विसंबू नकोस. आपल्याकडे चुंबकीय उत्तर खऱ्या उत्तरेच्या एका अंशाच्या आतच आहे, पण तिथला काळा दगड लोहमय असतो आणि जवळ नेलं की सुई हलते. सकाळी नऊच्या आत पोहोच, वर्तुळापासून दूर मोकळ्या जागी काठी रोव, दोरीनं वर्तुळ आख आणि दुपारी तीनपर्यंत थांब. अयनदिनाच्या आसपास मध्यान्ह तिथे घड्याळाच्या बारानंतर दहा-बारा मिनिटांनी होईल.